वेखंड

काल पणतूला आकुर्डीच्या डॉक्टरीणबाईंकडे नेलं. दोन वर्षांचा झाला तरी बोलत नाही. बाईंनी त्याची जीभ पाहिलीच नाही. आधी पाठीमागे जाऊन खुळखुळा वाजवला. माझ्या नाकात एकदम वेखंडाचा उग्र वास भरला.

सत्तर वर्षांपूर्वी महाळुंग्यात आई माझ्या धाकट्या बहिणीच्या, चंदीच्या, जिभेवर रोज वेखंड उगाळून चोळायची. "जीभ जड हाय पोरीची. हात धर घट्ट." चंदी तोंड भाजल्यागत रडायची.

एकदा तिच्या पाठीमागं तांब्याचा हंडा दणकन पडला. आई आणि मी, दोघी दचकलो. चंदीनं मानसुद्धा वळवली नाही.

"आई, हिला ऐकू येत न्हाई व्हय?"

"गप. तू हात धर."

मी धरले.

चंदी म्हातारी झाली, तरी मला बघून हात पाठीमागं लपवायची.