चार वाजताचं भांडण

घड्याळजी आणि किल्लीवाला यांचं बिनसलंय, आणि तेही एका बाईवरून, ही बातमी इस्त्रीवालीने सोडली. दोघांची मिळून वयं एकशे अडतीस. पण भानगड म्हटल्यावर वय विचारतंय कोण?

पुरावा रोज चारला मिळायचा. किल्लीवाला आपली टपरी बंद करून शेजारी घड्याळाच्या दुकानात शिरायचा, काचेचं दार लावून घ्यायचा, की आतून आरडाओरडा सुरू. चाळीस वर्षांत "पुढच्या आठवड्यात या" यापलीकडे कठोर शब्द न वापरलेले घड्याळजी चक्क "नालायका!" म्हणून गरजत.

घड्याळजींना कंपवात आहे, हे गल्लीला ठाऊक होतं. आधी हात गेला. चिमट्यातला स्क्रू सारखा टेबलाखाली, आणि दोन म्हातारे रांगत त्याच्यामागे. मग आवाज उतरत उतरत कुजबुजीवर आला. डॉक्टर म्हणाले, आवाज अजून काही वर्षं धरून ठेवता येईल. रोज अर्धा तास मोठ्याने ओरडा.

घड्याळजी ओशाळले. "विनाकारण कसं ओरडायचं? बरं दिसत नाही."

"कारण मी आणतो," किल्लीवाला म्हणाला.

दुसऱ्या दिवशी त्याने भिंतीवरचं मोठं घड्याळ सात मिनिटं पुढे सरकवलं.

"कोणी हात लावला?"

"अं? मांजर बोललं का कुठे?"

"हात कोणी लावला रे?"

"अंहं. मांजरच."

"हात कोणी लावला, गाढवा!"

"मी. उद्या काटाच काढून ठेवतो."

काटे संपले, तेव्हा त्याने चावी न लागणाऱ्या, सेलवर चालणाऱ्या घड्याळांची स्तुती आरंभली. त्यावर तीन महिने निघाले.

मग एका दुपारी घड्याळजी गप्पच बसले. ओठांनीच म्हणाले, "दमलो. पुरे."

किल्लीवाल्याने चष्मा पुसला. पुसलेलाच पुन्हा पुसला. मग म्हणाला, "बरं. मग वहिनींशी काय चिठ्ठ्या लिहून बोलणार? ह्या हाताने? त्यांना वाटेल, मुंगी शाईत पडून कागदावरून गेली."

"चालता हो माझ्या दुकानातून!"

समोर इस्त्रीवालीच्या हातून एका सदऱ्याची कॉलर करपली. किल्लीवाला मात्र स्टुलावर नीट टेकला. अजून वीस मिनिटं बाकी होती.

आता त्या बाईचं. बाई होती, हे खरं. ती घड्याळजींची बायको. तिला एका कानाने मुळीच ऐकू येत नाही, दुसऱ्याने मोठ्याने बोललेलं तेवढं येतं. घरात तिसरं माणूस नाही.