सुनीताची पुरणपोळी

चाकणच्या आमच्या कंपनीत गाड्यांच्या वायरी तपासायचं काम चालतं. आमच्या लाइनवर आम्ही अकरा बायका. कामाच्या वेळी मोबाइल लॉकरमध्ये ठेवावा लागतो, त्यामुळे मोबाइलपायी जे काही घडतं ते बसमध्ये नाहीतर कँटीनमध्ये. असे किस्से इतके साठलेत राव, की हल्ली सांगताना हसूच येईनासं झालंय.

स्टोअरचे पवार मोबाइल पाण्याच्या बाटलीला टेकवून जेवतात. एकदा मी उशिरा पोचले, म्हणून विचारलं, आज भाजी कसली? त्यांनी रिकाम्या ताटाकडे बघितलं, जरा विचार केला आणि म्हणाले, "होती काहीतरी."

मग ते सेफ्टी ट्रेनिंग. तेही कँटीनमध्येच होतं. मशीनमध्ये एकाचा हात कसा गेला, ते सर सांगत होते. तेवढ्यात मागून कुणाच्या तरी मोबाइलमधून बाईचे नको ते आवाज आले. पुरुष हसले, आम्ही माना खाली घातल्या. सर थांबले, मग पुढे बोलत राहिले. बाहेर पडल्यावर त्या माणसाचा कुठला हात गेला, हे एकालाही सांगता येईना.

आता माझं ऐका. आकुर्डीहून बसमध्ये साळवेबाई माझ्या शेजारी बसतात. एका सकाळी त्या म्हणाल्या, रिपोर्टमध्ये गाठ निघाली. मी रील बघत होते. म्हणाले, "अरे वा."

चाकण येईपर्यंत त्या खिडकीबाहेर बघत होत्या. मला कळलं ते कँटीनमध्ये, दुसरीकडून. मी जाऊन माफी मागितली. त्या म्हणाल्या, "असू दे गं. घरी पोरानं तेवढंपण म्हटलं नाही."

आणि आमची सुनीता. मूळची लातूरकडची, भोसरीत भाड्याच्या खोलीत राहते. रविवारी स्वयंपाकाचे व्हिडिओ टाकते, मोबाइल नवरा धरतो. हात असा की खाणारा नाव काढेल. पण वर्षभर बघणाऱ्या आम्हीच, लाइनवरच्या.

एकदा पुरणपोळी लाटताना तिचा पदर सरकला. तिच्या लक्षात आलं नाही. तो व्हिडिओ दोन दिवसांत हजारोंनी बघितला. परतीच्या बसमध्ये ती आनंदाने सगळ्यांना दाखवत होती. मी कमेंट उघडल्या. पोळीबद्दल एकही नव्हती. तिनेही वाचल्या आणि मोबाइल पर्समध्ये टाकला. भोसरी आली तशी ती उतरून गेली.

पुढचं तिने दुसऱ्या दिवशी सांगितलं. घरी गेल्यावर तिने व्हिडिओ काढून टाक म्हणून मोबाइल नवऱ्यापुढे धरला. त्याने एकेक कमेंट शेवटपर्यंत वाचली. आता हा चिडणार, म्हणून ती भिंतीला टेकून उभी राहिली.

तो म्हणाला, "रविवारी हीच साडी नेस."