पोलंडला कुणी विचारलं?

कॅनबेराच्या युनीत, म्हणजे विद्यापीठात, इतिहासाची ट्युटर असताना वर्गात शांतता परिषद भरवायची हौस मला एकदा चांगलीच नडली. दोनशे वर्षांपूर्वी युरोपभर पेटलेलं युद्ध संपल्यावर मुत्सद्दी व्हिएन्नात जमले आणि त्यांनी खंडाच्या सीमा नव्याने आखल्या. तेच मुलांनी करून बघायचं होतं. चार विजेते देश, हरलेला फ्रान्स आणि ज्याचे लचके तुटणार तो पोलंड, अशा भूमिका मी वाटून दिल्या. भिंतीवर नकाशा लावला.

अर्धा तास कोण कुठे बसणार यातच गेला. मी घसा फोडून सांगत होते, "अरे, सीमांवर बोला!"

मग रशिया झालेला मुलगा मार्कर घेऊन उठला आणि त्याने अख्खा पोलंड हिरवा करून टाकला. लगेच प्रशियाने शेजारचं सॅक्सनी मागितलं. ऑस्ट्रिया आणि ब्रिटन तणतणत कॉफी प्यायला निघून गेले. माझ्या आखलेल्या कार्यक्रमाकडे कुणी ढुंकूनही पाहिलं नाही.

दोघं परत आले ते फ्रान्सला घेऊनच. फ्रान्स म्हणजे आमची वसईची मुलगी. हरलेल्याने बाहेर थांबायचं, म्हणून मी तिला कॉरिडॉरमध्ये बसवलं होतं.

"तुला आत कुणी बोलावलं?" मी वैतागून विचारलं.

"ताई, आमची तिघांची युती झालीय. रशिया हटला नाही तर परत युद्ध."

रशियाने खांदे उडवले. "नो वरीज, थोडा देतो." पोलंडचे तुकडे झाले, सॅक्सनी निम्मं कापलं गेलं, टाळ्या वाजल्या. खऱ्या मुत्सद्द्यांनी कित्येक महिने मेजवान्या झोडून जे केलं, ते या पोरांनी चिप्स खात एका दुपारी उरकलं.

तेवढ्यात कोपऱ्यातून पोलंड बोलली, "मी सही करणार नाही. मला कुणी एक शब्द विचारला नाही."

"तुझी सही लागत नाही, मेट," रशिया म्हणाला. अगदी प्रेमाने म्हणाला, म्हणून मी जास्तच चिडले.

"त्यावर चर्चा करू या?" मी वर्गाला विचारलं. पण मुलं बॅगा भरत होती.

घरी जाताना गुंगालिनपर्यंत लाइट रेलमध्ये मी मनातल्या मनात सगळ्यांना झापत होते. पुढच्या आठवड्यात फ्रान्स आणि ऑस्ट्रिया शेजारी बसून खिदळत होते. पोलंडने ट्युटोरियलचा गटच बदलून घेतला होता.