बिसखोपड्याच्या आधी पाण्यावर

लग्न होऊन मी सिंदेवाहीकडच्या त्या गावात गेले, तेव्हा सासूबाईंशी माझं पहिलं भांडण झालं ते एका सापसुरळीवरून. सासूबाईंना मी आत्याबाई म्हणायची. अंगणाच्या कडेला सापसुरळी ऊन खात पडली होती, तांबूस पाठ चकाकत होती. आत्याबाईंनी हातातल्या फुंकणीनं ती जागच्या जागी चेचली. मी म्हणाले, बिचारी किडेमुंग्या खाते, कुणाला चावत नाही. नव्या सुनेनं पहिल्याच महिन्यात पाजळलेलं शहाणपण कोणत्या सासूला आवडेल? त्या दिवसापासून त्या घरात मी ‘जंगलातली’ झाले.

होतेच मी जंगलातली. माझे वडील जंगल खात्यात राखणदार होते. तेव्हा चंद्रपूरला चांदा म्हणत आणि गडचिरोलीही त्याच जिल्ह्यात होती. तिकडच्या दाट रानात, एका चौकीच्या दोन खोल्यांत माझं बालपण गेलं. खेळायला मुलं मोजकी आणि सरडे पुष्कळ. शेजारच्या गोंड घरातली माझ्याच वयाची एक मैत्रीण होती. आम्ही दोघी तासन् तास त्यांच्या मागं असायचो. घोयरा सरडा पानांत असा बसायचा की समोर असून दिसायचा नाही, आणि दिसला की त्याचा एक डोळा आमच्याकडं, दुसरा भलतीकडं. खडकावरचा सरडा वर्षभर धुळीच्या रंगाचा. पण पावसाळा तोंडावर आला की त्यातल्या नराची पाठ लालभडक व्हायची आणि तो सगळ्यांत उंच दगडावर चढून मान हलवायचा. मोकळ्या माळावर एक बारका सरडा गळ्याखाली निळा पंखा उघडायचा आणि मिटायचा. घोरपड वारुळ उकरायची, त्यातच अंडी घालायची. सागाच्या सालीला चिकटलेली पाल आणि साल यांतला फरक तिनं हालचाल केल्यावरच कळायचा.

आणि एक होता बिसखोपडा. हे नाव हिंदीकडून आलेलं. जीव म्हणाल तर वीतभर लांब, जाड शेपटीची, पिवळ्या-काळ्या ठिपक्यांची रानपाल. दिवसा दगडाखाली किंवा पाचोळ्यात झोपायची, अंधार पडला की किडे टिपायला निघायची. घरातल्या पालीला पापण्या नसतात, हिला असतात. हातावर घेतली की ती सावकाश डोळे मिटते आणि उघडते, पेंगुळलेल्या मुलासारखी. मी आणि माझ्या मैत्रिणीनं तिला कितीदा तरी हातावर फिरवली होती. आम्हाला ती कधी चावली नव्हती. हे मुद्दाम सांगते, कारण पुढं मला ते फार आठवलं.

गावात मात्र बिसखोपड्याइतकी भीती नागाचीही नव्हती. नागाचं विष उतरवणारे भेटतात, याचं उतरत नाही, असं म्हणत. त्यावर उपाय एकच सांगितला जायचा. बिसखोपडा माणसाला चावला की तो थेट पाण्याकडं पळतो. तो आधी पाण्याला लागला तर माणूस मरतो. माणसानं आधी पोचून पाणी प्यायलं तर बिसखोपडा मरतो आणि माणूस वाचतो. म्हणून चावल्याबरोबर सगळं टाकून पाण्याकडं धावायचं. आत्याबाईंनी हे मला दोनदा बजावलं होतं आणि दोन्ही वेळा मी हसले होते.

लग्नाच्या दुसऱ्या वर्षीची गोष्ट. मोह फुलायला लागण्याआधी झाडाखालचा पाचोळा झाडून जाळायचा असतो, म्हणजे पहाटे गळलेली फुलं स्वच्छ जमिनीवर दिसतात आणि वेचता येतात. प्रत्येक घराची झाडं ठरलेली. आमचा मोह टेकाडावर होता. घरधनी लाकडं भरलेल्या बैलबंड्या घेऊन बाहेरगावी गेले होते. जाताना मला सांगून गेले होते की आईला चढाची कामं देऊ नको, तिचा दमा उसळतो. पण आत्याबाईंना काम ‘देणारी’ मी कोण? सकाळी त्याच पुढं निघाल्या, मागून मी खराटा आणि पाण्यानं भरलेला भोपळ्याचा तुंबा घेऊन.

पाचोळा गोळा करून आम्ही कडेनं आग लावली. वारं नव्हतं, म्हणून निर्धास्त होतो. पण एकाएकी झुळूक आली आणि आगीची एक जीभ शेजारच्या वाळल्या गवतात शिरली. आत्याबाई ओरडल्या, तुंबा ओत. मी सगळा तुंबा ओतला, उरलेली आग हिरव्या फांद्यांनी झोडपली. आग विझली. आमच्याजवळ प्यायला घोटभरही पाणी उरलं नाही. धुरानं आत्याबाईंना खोकल्याची ढास लागली होती. तसल्यातच पाचोळा वाऱ्यानं उडू नये म्हणून त्या एक दगड उचलायला वाकल्या.

त्यांचा हात झटक्यात वर आला. बोटाला बिसखोपडा लोंबकळत होता.

त्यांनी हात झाडला, तो पाचोळ्यात पडला आणि दिसेनासा झाला. बोटावर बारीक रक्ताचे ठिपके आले होते. मग आत्याबाईंनी पदर खोचला आणि टेकाडावरून नाल्याच्या दिशेनं पळत सुटल्या.

मी मागून धावले. नाला बराच खाली होता आणि त्या दिवसांत त्यात वाहतं पाणी नव्हतं. वाळूत खड्डा केला की झिरपून थोडं मिळायचं, तेवढंच. ऊन चढलं होतं. आत्याबाईंच्या छातीतली शिट्टी मला मागून ऐकू येत होती. मी त्यांना गाठलं, दंड धरला. सांगितलं की त्यात विष नाही, मी लहानपणी त्यांच्याशी खेळले आहे, धावू नका, तुमचा दमा तुमचा घात करील. त्यांनी माझा हात झटकला.

“तुले काय होते?” त्या म्हणाल्या. “थो पयले पोचला तं मी गेली. तुले तं सुटल्यासारखंच होईन.”

मला राग आला. खरंच आला, लपवत नाही. तसल्या वेळीही ही बाई मला टोचायला विसरत नव्हती. पण त्यांच्या ओठांकडं नजर गेली आणि राग जागच्या जागी विरला. ओठ जांभळे पडत चालले होते. चार पावलं टाकायची, झाडाला धरून उभं राहायचं, पुन्हा चार पावलं. बिसखोपड्यानं काही होणार नव्हतं. ही धाव मात्र त्यांचा जीव घेणार हे मला समोर दिसत होतं. आणि माझ्या कोणत्याही बोलण्यानं त्या थांबणार नव्हत्या, कारण माझं बोलणं म्हणजे जंगलातलीचं बोलणं.

तेव्हा मी त्यांच्याच रीतीनं बोलले. म्हणाले, “आत्याबाई, मी त्याला धरून आणते. माझ्या मुठीत असला तर तो पाण्यावर जाईल कसा? तुम्ही इथं बसा.”

त्या थांबल्या. हे त्यांना पटलं. तेंदूच्या झाडाखाली त्यांनी बसकण मारली आणि हातानंच मला जा म्हणून खुणावलं. बोलायला श्वास नव्हता.

मी टेकाडावर परत धावले. त्यांना एकटं टाकून आलेय. वर तो सापडलाच नाही तर? पाचोळा अजून धुमसत होता. मी काठीनं एकेक ढीग उलथला. एक सापसुरळी सळसळत निघून गेली, मोहाच्या खोडावर एक सरडा मान हलवत माझ्याकडं बघत होता, जणू माझी फजिती बघायलाच बसला होता. बिसखोपडा कुठंच नाही. त्याच्याएवढा संथ जीव रानात दुसरा नसेल. दिवसाउजेडी तो कुठं धावायचा? जवळच असणार, असं मनाला बजावत मी गुडघ्यावर रांगले. आणि मोहाच्या मुळाखाली मला ती शेपटी दिसली.

घाईत मी शेपटीच धरली. ती माझ्या हातात तुटून आली आणि वळवळायला लागली. इतकी वर्षं त्यांच्यात वाढून मी हे विसरावं! तो मुळाच्या आत सरकत होता. मी पूर्ण हात घातला, पाठीवरून पकडला आणि ओढून बाहेर काढला. त्यानं मान वळवली आणि माझ्या अंगठ्याजवळ कडकडून चावा घेतला. मी मूठ सोडली नाही.

रक्त आलं, थोडंसंच. पण त्या क्षणी लहानपणचं सगळं ज्ञान पातळ झालं. हातावर खेळवणं निराळं, चावून घेणं निराळं. मला तो कधी चावला नव्हता, मग विष नाही हे मी कशाच्या जोरावर म्हणत होते? सगळं गाव म्हणतं त्यात काही तथ्य असलं तर? तरी हात सैल होऊ दिला नाही आणि खाली धावत सुटले.

तेंदूखाली आत्याबाई नव्हत्या.

मी हाका मारल्या. उत्तर आलं नाही. उतारावर पाचोळा तुडवल्याच्या, मध्येच कुठं बसकण मारल्याच्या खुणा होत्या. त्या खुणा धरून मी नाल्यात उतरले. आत्याबाई वाळूत गुडघ्यावर बसून दोन्ही हातांनी खड्डा उकरत होत्या. श्वास घेताना त्यांचे खांदे कानापर्यंत चढत होते. खड्ड्याच्या तळाशी गढूळ पाणी जमत होतं, इतकं सावकाश की बघवत नव्हतं. मी समोर येऊन बसले आणि मूठ पुढं केली. म्हणाले, बघा, हा इथं आहे, आता घाई नाही.

त्यांनी बिसखोपड्याकडं पाहिलंच नाही. त्या माझ्या हाताकडं बघत होत्या. रक्त मनगटापर्यंत ओघळलं होतं.

“चावला?”

मी हो म्हणून मान हलवली.

त्यांनी खड्ड्यात हात घातला. जेमतेम एक ओंजळ पाणी होतं. तेवढं उचललं की खड्डा कोरडा. मला वाटलं, आता पितील आणि श्वास खाली बसेल. त्यांनी ओंजळ माझ्या तोंडाशी धरली. बोटांच्या फटींतून पाणी गळत होतं.

“पयले तू पे.”

मी नाही म्हणाले. त्यात विष नाही, तुम्ही प्या, तुम्हाला गरज आहे, असं काहीतरी बोलत राहिले. त्यांनी मला बोलू दिलं नाही.

“पे म्हणतो ना. सांडून राह्यलं.”

मी प्यायले. वाळूचे कण दातांत कचकचले. मग आत्याबाई मागं टेकल्या, डोळे मिटले आणि दोन्ही हात मांडीवर ठेवून बसल्या. खड्ड्यात पुन्हा पाणी जमायची वाट बघायची होती. मी एका हातानं उकरत होते, दुसऱ्या मुठीत तो जीव होता, आणि माझ्या डोळ्यांतून घळाघळा पाणी येत होतं. त्या बाईच्या मनात जराही शंका नव्हती. तिच्या लेखी दोघींच्या अंगात एकच विष होतं आणि पाणी एकीपुरतं होतं. ते तिनं मला दिलं होतं, आणि आता ती मरणाची वाट बघत बसली होती. मला ती कधीच आवडली नव्हती. तिलाही मी नाही. असं मी आजवर समजत होते.

पाणी पुन्हा जमलं. मी एका तळव्यानं त्यांच्या तोंडाशी नेलं, पुन्हा नेलं, पुन्हा नेलं. शिट्टी हळूहळू बारीक झाली. ओठांवर रंग परतला. बऱ्याच वेळानं त्यांनी डोळे उघडले आणि आपण अजून आहोत याचं त्यांना नवल वाटल्यासारखं दिसलं.

मग त्यांना बिसखोपडा आठवला. आम्ही प्यायलो म्हणजे आता तो मरायला हवा होता. मी मूठ उघडली. तो बिनशेपटीचा, वाळूनं माखलेला, तळहातावर पडून होता. आम्ही दोघी वाकून बघत राहिलो. त्यानं सावकाश पापण्या मिटल्या. उघडल्या. आत्याबाईंनी आयुष्यात पहिल्यांदा त्याचं तोंड एवढ्या जवळून पाहिलं असेल. मी त्याला काठावरच्या दगडाजवळ सोडलं, तो चारही पाय ताठ करून दगडाखाली गेला. वाळूत पडलेली एक काठी आत्याबाईंच्या हाताशीच होती. ती त्यांनी उचलली ती उठायला टेकू म्हणून.

घरी पोचेपर्यंत दुपार कलली. वाटेत मला वाटलं, आता आमच्यात सगळं बदलेल. ओसरीवर पाय ठेवता ठेवता आत्याबाईंनी विचारलं, तुंबा कुठी हाये? तुंबा टेकाडावरच राहिला होता. त्यावरून त्या मला रात्री जेवणं होईपर्यंत बोलत होत्या. सूनबाईंचं लक्ष नसते, सूनबाईंले वस्तूची किंमत नाई. एरवी मी एकाला दोन उत्तरं दिली असती. त्या दिवशी मी आधी त्यांच्यासाठी पाण्याचा तांब्या भरून ठेवला आणि सगळं ऐकून घेतलं.