अण्णासाहेबांच्या एकसष्टीचं अभीष्टचिंतन

अण्णासाहेबांचा खरा जन्मदिवस कुणालाच ठाऊक नव्हता, खुद्द अण्णासाहेबांनाही नाही. पण एकसष्टी करायची तर तारीख पाहिजे. मुख्याध्यापक बद्रीनाथ सरांनी कॅलेंडर पुढं ओढलं. तुरी निघाल्या की लोक मोकळे होतात आणि शनिवारी शाळा अर्धी असते, एवढं बघून त्यांनी १९७५ च्या फेब्रुवारीतला एक शनिवार धरला. झालं, अण्णासाहेब त्या तारखेला जन्मले! गरिबाचं पोरगं शाळेत घालताना बाई-गुरुजी डोळे मिटून एक जून लिहायचे. संस्थेच्या अध्यक्षांसाठी निदान कॅलेंडर तरी बघितलं.

भुजंगचाही जन्म कागदावर एक जूनचाच. कुंभार पिंपळगावच्या बाजाराला जाणाऱ्या वाटेवर एक गाव आहे, तिथल्या अण्णासाहेबांच्या शाळेत तो मराठी शिकवायचा. गावातल्या बौद्ध वस्तीतला तो पहिला मास्तर. वस्तीला कोण अभिमान! पण मास्तर कसला? जूनमध्ये घ्यायचा आणि एप्रिल संपला की काढून टाकायचा. पुन्हा जूनमध्ये अर्ज, पुन्हा अण्णासाहेबांच्या ओट्यापाशी उभं राहणं. चार वर्षं हेच चाललं होतं. आई लहानपणीच गेलेली, बाप रामकिसन अजून खदानीवर खडी फोडत होता. एक डोळा बहात्तरच्या दुष्काळी कामावर दगडाची कपची उडून गेलेला, दुसऱ्यातून पाणी गळायचं. भुजंगला एकच ध्यास होता. कायमची ऑर्डर हातात पडावी आणि बाबांच्या हातातली हातोडी काढून घ्यावी.

एके दिवशी बद्रीनाथ सरांनी त्याला बाजूला घेतलं.

"मास्तर, एकसष्टीचं अभीष्टचिंतन तुम्ही लिहायचं अन् तुम्हीच वाचायचं. असं लिहा की म्हातारं स्टेजवर रडलं पाहिजे. ऑर्डर टाइप करून खिशात ठेवतो. तिथंच सही घेऊ."

भुजंग लागला कामाला. पहिल्या कागदावर सूर्य, सागर, हिमालय सगळे येऊन गेले. सरांनी तो वाचून परत दिला. "हे तर गणपतीच्या वर्गणीलाबी चालंल. काळजातून लिहा ना जरा!"

काळजातून लिहा म्हणे! अण्णासाहेबांबद्दल काळजात असणार काय, कप्पाळ? त्या माणसानं उभ्या जन्मात स्वतःच्या हातानं पाण्याचा तांब्या भरून घेतला नव्हता. दोन दिवस भुजंग कोऱ्या कागदापुढं बसून राहिला. तिसऱ्या दिवशी रामकिसन खदानीवरून आला, उंबऱ्यात टेकला आणि तळहाताच्या भेगांत गोडं तेल जिरवू लागला. भुजंगनं बापाकडं पाहिलं, आणि हात आपोआप लिहायला लागला. वर नाव तेवढं अण्णासाहेबांचं घातलं. आपण काय करतोय हे त्याला बराबर कळत होतं. लाज वाटत होती आणि अक्षर मात्र वळणदार येत होतं.

शनिवारी मैदान गच्च भरलं. मंडपाच्या अगदी मागं, बाभळीखाली वस्तीतली माणसं बसली, त्यांच्यात धुतलेला पटका बांधून रामकिसन. भुजंग माइकपुढं उभा राहिला आणि वाचू लागला.

"आपण आपल्या ताटातली भाकरी आमच्या ताटात टाकलीत आणि म्हणालात, मला भूक नाही. ते खोटं होतं हे तेव्हा कळलं नाही, आज कळतं. आपल्या हातांना भेगा पडल्या, म्हणून आमच्या हातात पुस्तकं आली. आपला वाढदिवस आम्ही कधी केला नाही. आपलं वय आपल्या पाठीच्या बाकावरूनच ओळखत आलो. आपण खूप जगा, असं म्हणायला जीभ धजत नाही, कारण जगणं आपल्याला जड गेलं आहे. एवढंच मागतो की उरलेल्या आयुष्यात आपल्याला सावलीत बसायला मिळो, आणि आपल्याआधी कुणीतरी उठून चूल पेटवो."

बायांनी पदर डोळ्यांना लावले. पाठीला कसला बाक अन् हाताला कसल्या भेगा, असं एकानंही विचारलं नाही. आणि गंमत बघा, अण्णासाहेब स्वतः हुंदके देऊन रडत होते. आपल्या मऊ तळहातांकडं बघून रडत होते! त्या घटकेला त्यांना ते सगळं खरं वाटलं असणार.

बद्रीनाथ सरांनी लगबगीनं ऑर्डर पुढं केली, पेनाचं टोपणही काढून दिलं. अण्णासाहेबांनी कागद वाचला, डोळे पुसले आणि माइक जवळ ओढला.

"सर, तुम्ही याचं वाटोळं करायला निघालात काय? असं लिहायला पोटात आग लागते. याला कायम केला की हा सुस्तावणार. मंग पुढच्या वाढदिवसाला मला रडवणार कोण? राहू द्या त्याला असाच."

त्यांनी कागदाची घडी घातली आणि आपल्या कोटाच्या खिशात टाकली. बोलणं मायेचं होतं, पाठीवर थापही मारली, हातावर पेढा ठेवला. मंडप खदखदून हसला आणि मग टाळ्या पडल्या. मागं बाभळीखालीही पडल्या. सगळे हसतात म्हणून रामकिसनही हसत होता.

उन्हं कलता कलता दोघं बापलेक घराकडं निघाले. रामकिसन खुशीत होता.

"लई खरं लिवलं भुजंगा. मला वाटत व्हतं अण्णासाहेब नुसते बसून खात्यात. त्यांनीबी एवढं सोसलं व्हय? डोळ्याला पानी आलं बघ. अशा मानसाचा वाढदिस व्हावा. आमच्यावानी मानसाचा कशाला?"

भुजंगला ते सहन झालं नाही. तो रस्त्यातच थांबला. "बाबा, ते तुमचं व्हतं! भाकरी, भेगा, समदं तुमचं. म्या त्याचं नाव लावून वाचलं. ऑर्डरसाठी इकलं तुम्हाला, अन् ऑर्डरबी न्हाई भेटली."

रामकिसननं आपले हात वर करून एका डोळ्यानं उलटसुलट पाहिले. आता बाप थोबाडीत देईल, असं भुजंगला वाटलं. दिली असती तर बरं झालं असतं. म्हाताऱ्यानं मागंपुढं कोणी येत नाही ना हे बघितलं आणि आवाज बारीक केला.

"येवढ्यावर न्हाई दिली व्हय त्यांनी? मंग बस हितं. तुही माय मेली तव्हाचं तुला काहीच ठावं न्हाई, म्या कुनालाच सांगितलं न्हाई आजवर. सांगतो. पुढच्या वर्षाला ते लिव."