स्पासचा चेहरा, दुसऱ्याचा आवाज

स्पास द्रागांचेवला नायकाची भूमिका मिळाली तेव्हा तो चाळिशीला टेकला होता. तोवर पडद्यावर त्याने मार खाल्ला होता, गोळ्या झेलल्या होत्या आणि बहुतेक वेळा मध्यंतराआधीच जीव सोडला होता. सोफिया शहरातल्या सरकारी स्टुडिओत मी रंगभूषा करायचे. त्याच्या तोंडाला रक्त मीच लावायचे.

"झद्राव्का, या वेळी रक्त नको," खुर्चीत बसत तो म्हणाला. "शेवटपर्यंत जिवंत आहे मी!"

भूमिका खाणकामगाराची होती. स्पास अख्खा हिवाळा पेर्निकच्या खाणीत राहिला, परतला तो खोकतच. चित्रपट पूर्ण झाला, भिंतींवर पोस्टर लागली. आणि दिग्दर्शक व्हिएन्नाला म्हणून गेला तो परत आलाच नाही.

देश सोडून पळालेल्याचा चित्रपट म्हणून रातोरात पोस्टर उतरली. स्पास स्टुडिओच्या साहेबांना भेटायला गेला. साहेबांनी कॉफी मागवली आणि शांतपणे विचारलं, "कुठला चित्रपट, कॉम्रेड द्रागांचेव?"

तिथून तो तडक माझ्याकडे आला.

"मी काय केलं गं?"

"काहीच नाही."

"तेच तर. काही केलं असतं, तर माफी तरी मागितली असती."

पुढे त्याला दारवान, पोस्टमन असली कामं मिळत राहिली. बायको, नेव्याना, चिडवायची, "आज तरी तोंड उघडायचंय का, की नुसतं दारच?" तो हसायचा. मग कम्युनिस्ट सरकार पडलं, स्टुडिओ ओस पडला आणि स्पास गावोगाव बाहुल्यांचे खेळ करू लागला.

तो म्हातारा झाल्यावर एके दिवशी चित्रपट संग्रहालयातून एका मुलीचा फोन आला. "स्पासकाका, तुमचा सिनेमा सापडला!" चित्र धडधाकट होतं, ओलीने आवाज मात्र पुरता गेला होता. संवाद पुन्हा बोलावे लागणार होते.

स्पास आठवडाभर घसा शेकत, संवाद म्हणत घरात फिरला. एक शब्द विसरला नव्हता. ध्वनिमुद्रणाला त्याने मलाही नेलं. पडद्यावर तो धट्टाकट्टा खाणकामगार तोंड उघडायचा आणि आतून म्हाताऱ्याचा चिरका आवाज यायचा. तिसऱ्या खेपेला ध्वनिमुद्रकाने रीळ थांबवलं.

"काका, बोलता छान. पण त्या तोंडाला आवाज बसत नाहीये."

"माझंच तोंड आहे ते," स्पास म्हणाला.

ध्वनिमुद्रकाने रीळ गुंडाळायला घेतलं.

मग नाटकातला एक तरुण नट आणला. पोरगा भला होता, "शेजारी बसाल का?" म्हणून त्यानेच विनवलं. स्पास बसला. "इथे दम घे. घाई नको. इथे मी रडू गिळलं होतं, तूही गीळ."

खेळाला सभागृह भरलं. शेवटी लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. दाराशी एका बाईने स्पासचा हात धरला, "काय आवाज होता हो तुमचा! अंगावर काटा आला."

"आभारी आहे," स्पास म्हणाला.

ट्रामच्या थांब्यावर नेव्याना रडू लागली. "मला तुझा आवाज ऐकायचा होता. त्यातलं एवढंसं काहीतरी म्हण ना."

त्याने तिच्या कोटाची कॉलर नीट केली.

"आठवत नाही गं आता," तो म्हणाला आणि ट्राम येते का ते बघत उभा राहिला.