अपचारी, आत या

सरकारी नोकरीतून निवृत्त झाले तेव्हा वाटलं होतं, आता बोरीवलीच्या घरी निवांत पेपर वाचायचा. पण खात्यात कुणावर चौकशी लागली की त्याच्या बाजूने बोलायला बचाव सहायक लागतो, आणि निवृत्त माणूस चालतो. एकदा होकार दिला आणि तेव्हापासून किस्से साठतच गेलेत. एकट्या परबबाईंच्या चौकशीचेच एवढे आहेत की आज तेवढेच सांगते.

परबबाई अंधेरीच्या ऑफिसात क्लार्क. घरात नियमित पगार फक्त त्यांचा. आरोप असा की ऑफिसच्या मुख्य साहेबांना सगळ्यांसमोर 'मेल्या' म्हणून त्यांनी 'वरिष्ठांचे मरण चिंतिले'. साहेबांनी खुलासा न मागता त्याच संध्याकाळी वर कळवलं होतं. नोकरी जाऊ शकत होती.

पहिल्या दिवशी शिपायाने पॅसेजमध्ये आवाज दिला, "अपचारी, आत या!" ज्याच्यावर आरोप असतो त्याला सरकारी मराठीत अपचारी म्हणतात. सिद्ध काहीच झालेलं नसतं, नाव मात्र आधीच ठेवून मोकळे. आत गेलो तर बाईंसाठी एक हात तुटलेली खुर्ची. म्हटलं, "ही कशाला?"

शिपाई म्हणाला, "मॅडम, अपचाऱ्याची खुर्ची हीच. पहिल्यापासून."

चौकशी अधिकारी होते सावंत साहेब. त्यांनी चष्म्यावरून एकदा खुर्चीकडे पाहिलं. "ती दाराशी ठेवा. बाईंना चांगली द्या. आणि यापुढे नावाने हाक मारायची." मला माणूस तिथेच आवडला.

आता आमच्या बाईंचा प्रताप ऐका. सावंत साहेबांनी विचारलं, "आरोप मान्य आहे?"

बाई म्हणाल्या, "तुम्ही एवढे लोक म्हणताय, तर असेल."

मी टेबलाखालून त्यांचा पाय दाबला. सावंत साहेब म्हणाले, "मॅडम, पाय त्यांचा दाबलात, आता उत्तर तरी त्यांनाच देऊ द्या." मग बाईंना म्हणाले, "आम्ही काय म्हणतो ते सोडा. तुमचं सांगा." बाईंना रडूच आलं. एवढ्या दिवसांत हे त्यांना कुणी विचारलंच नव्हतं.

खात्याची बाजू मांडायला मुलुंडचे देवधर होते. माणूस चांगला, पण घाई फार. मी साक्षीदारांची यादी दिली तर म्हणाले, "अहो, शब्द उच्चारला हे बाई मान्य करतात. मग साक्षीदार कशाला? उगाच टाइमपास."

मी म्हटलं, "देवधर, डब्यात काय आहे हे माहीत असलं तरी तुम्ही झाकण उघडताच ना?"

"उघडतो की. कधी कधी दुसरंच निघतं."

"झालं तर मग." साक्षीदार मंजूर झाले.

आणि निघालं दुसरंच. ऑफिसचे ते मुख्य साहेब ओल्या हाताने पाण्याच्या कूलरची सुटलेली वायर धरायला गेले होते. बाईंचं मालवणीतलं पूर्ण वाक्य होतं, "हात लावू नको रे मेल्या, शॉक लागतलो!" दोषारोपपत्रात त्यातला एकच शब्द घेतला होता. बाकीचं वाक्य कुणी विचारलंच नव्हतं. खरं सांगते, मला संताप आला.

देवधर तरी हटेनात. "पण शब्दाचा अर्थ मेलेला असाच होतो ना?"

आता गंमत बघा. सावंत साहेब स्वतः मालवणी! मी म्हटलं, "साहेब, तुम्हाला तर माहीतच आहे."

"माहीत आहे. पण मी इथे साक्षीदार नाही. मला माहीत असून उपयोग नाही, चौकशीत यायला हवं. मालवणी कळणारा माणूस आणा."

मग मी अकाउंट्समधल्या राण्यांना आणलं. देवधरांनी विचारलं, "असं तुम्ही लोक कोणालाही म्हणता?"

राणे दुखावल्यासारखे म्हणाले, "कोणाकय कसा म्हणू? घरच्यांकाच म्हणतंव. परक्याक अहो-जाहो."

देवधर खाली बसले. सावंत साहेबांनी ते वाक्य जसंच्या तसं मालवणीत लिहून घ्यायला लावलं.

निकाल आत्ताच सांगून टाकते. आरोप सिद्ध झाला नाही. परबबाई अजून त्याच टेबलावर आहेत, आणि कूलर नवीन आलाय. पण मला आठवतो तो शेवटचा दिवस.

त्या दिवशी फक्त बाईंच्या मुख्य साहेबांची उलटतपासणी राहिली होती. ते बाहेर बाकावर थांबले होते आणि आम्ही सगळे, परबबाईंसकट, आत. शिपाई नेमका बदलीचा होता. त्याला नवी पद्धत कुठून माहीत असणार? त्याने जुन्या थाटात आवाज दिला, "अपचारी, आत या!"

दार उघडलं. साहेब आत आले. समोर साक्षीदाराची चांगली खुर्ची रिकामी होती. तिच्याकडे त्यांनी बघितलंही नाही. दाराशी ठेवलेल्या त्या तुटक्या खुर्चीत मुकाट्याने जाऊन बसले, आणि जिथे हात नव्हता तिथे कोपर न टेकता दोन्ही हात मांडीवर घेतले.

देवधर उठले. "सर, तुम्ही तक्रारदार आहात. तुमची खुर्ची इकडे."

साहेबांनी खाली बघितलं, मग परबबाईंकडे.

"सॉरी," ते म्हणाले. "जुनी सवय."